तलवारबाजीचे सिनेमे लिहिणारे शेजारी

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला जर्सी सिटीत शिकत असताना तिघांनी मला भरदुपारी फुटपाथवर बॅटनं मारलं. माझा रंग एवढंच कारण होतं. पहिल्या फटक्यात खांद्याचं हाड मोडलेलं मी स्वतः ऐकलं. दुसरा तोंडावर बसला. पडल्यावर लाथा सुरू झाल्या. तेवढ्यात आमच्या बिल्डिंगमधले एक जपानी आजोबा धावत आले आणि माझ्या अंगावर आडवे पडले. दोन लाथा त्यांनाही बसल्या. मग ते तिघं शिव्या देत निघून गेले.

मी अंथरुणात होतो तेव्हा आजोबा रोज सूप आणायचे. ते इथे लेकीकडे राहायचे. जपानमध्ये त्यांनी तीसेक सिनेमे लिहिले होते, आधी तलवारबाजीचे, नंतर गुंडांचे. माझ्या रूममेटनं त्यातला एक व्हिडिओ शोधून आणला. नायकानं मिनिटभरात अकरा माणसं कापली, एकही ओरडला नाही. आजोबा मान खाली घालून बसले होते.

"दुसरा फटका बसला तेव्हा तुला काय दिसलं?" त्यांनी मला विचारलं.

मी भडकलो. "कशाला? पुढच्या सिनेमात घालायला?"

"मला आता कोणी सिनेमा देत नाही," ते म्हणाले. मग तुटक इंग्रजीत सांगत गेले. एकोणिसाव्या वर्षी ते सैन्यात, चीनमध्ये होते. एका कैद्याला खांबाला बांधून त्यांना संगीन खुपसायला लावली. "माणूस एका वारात मरत नाही. मी चार वेळा खुपसली. तो माझ्याकडे बघत होता."

युद्धानंतर ते स्टुडिओत लागले. वीस वर्षं एका वारातली मरणं लिहिली, ती लोकांना आवडली. एकदा मात्र त्यांनी तो कैदी जसाच्या तसा लिहिला. दिग्दर्शकानं त्या प्रसंगाचं नायकाचं द्वंद्वयुद्ध करून टाकलं. पहिल्याच खेळाला आजोबांनी थिएटरच्या बाहेर खुर्ची उचलून त्याचा जबडा फोडला.

"रक्त बघून मला बरं वाटलं," ते म्हणाले. "तेच वाईट झालं."

त्यानंतर मोठ्या स्टुडिओंची दारं बंद झाली. ते स्वस्तातले गुंडपट लिहीत राहिले, पडद्यावर दुसऱ्यांची नावं यायची.

मी कधीच कोणाला न सांगितलेलं त्यांना सांगितलं. मेलेलं जनावर ओढायला नाही म्हटलं म्हणून गावानं आमच्या वस्तीवर चाल केली होती. माझ्या बापाला कुऱ्हाडीच्या दांड्यानं मारलं. मी आठ वर्षांचा होतो, कणगीमागून बघत होतो.

"ओरडले का?"

"नाही. चष्मा पडला होता, तो चाचपडत होते. हातावर दांडा बसला, तरी शोधतच होते."

"मी हे लिहू?" आजोबांनी विचारलं.

"लिहा."

त्या हिवाळ्यात त्यांनी माझा बाप आणि तो कैदी दोघांनाही एकाच पटकथेत आणलं. लिहून झाल्यावर ती लेकीला वाचून दाखवली. कैद्याची गोष्ट तिला तेव्हा पहिल्यांदा कळली. तिनं भिंतीवर बशी फोडली आणि महिनाभर त्यांच्याशी बोलली नाही. मग एका रविवारी ती त्यांच्या शेजारी बसली आणि तिनं कैद्याचं वय विचारलं.

"तेव्हाच्या माझ्याएवढाच असेल," ते म्हणाले.

पटकथा त्यांनी कुठेच पाठवली नाही.