शरदिनीबाईंच्या दाराचं चित्र

शरदिनीबाईंना एका जागी बसवत नसे. काशीत रामघाटावर वेदपाठशाळा चालवणाऱ्या गुरुजींची ती धाकटी मुलगी. पायाला भोवरा घेऊनच जन्मली, असं तिची आई म्हणायची. अशा मुलीला नोकरी लागली ती नेमकी टेलिफोन एक्सचेंजात. कानाला हेडफोन, समोर बोर्ड, आणि ड्यूटी संपेपर्यंत खुर्ची सोडायची नाही. गुरुजींची मुलगी परक्या पुरुषांशी तारेवर बोलते म्हणून गल्लीत कुजबुज झाली, ती काही वर्षांनी विरली. शरदिनी खुर्चीत बसायची, पण टेबलाखाली तिचे पाय सारखे हलत असायचे.

पुढे तिला तक्रारींच्या टेबलावर बसवलं. लोकांचे बंद पडलेले फोन लिहून घ्यायचे आणि लाइनवरच्या माणसांना कळवायचे. एकदा एका तक्रारीचा पत्ता काही केल्या लागेना, तेव्हा ती वैतागून स्वतःशीच म्हणाली, "आता या मेल्याचं घर कुठं शोधायचं?" पलीकडून, खांबावर चढलेल्या माणसानं शांतपणे मराठीत सांगितलं, "ब्रह्मा घाटाच्या वरच्या गल्लीत आहे. मी त्याच गल्लीत राहतो." तो ढुंढिराज. केबल जोडण्यात त्याचा हात धरणारा त्या विभागात कोणी नव्हता. दोघांच्या घरची ओळख निघाली, आणि वर्ष उलटायच्या आत शरदिनी ब्रह्मा घाटावर सून म्हणून आली.

यालाही आता तीस वर्षं होऊन गेली होती. मुलगा विश्वेश दुबईला नोकरीत स्थिरावला होता. ढुंढिराज निवृत्त झाले, मागोमाग शरदिनीबाईही झाल्या. आता कुठे दोघं मिळून रामेश्वरला जाऊन येऊ म्हणत होते, तेवढ्यात ढुंढिराजांचं विसरणं सुरू झालं. आधी चष्मा, मग शेजाऱ्यांची नावं, मग घराचा जिना. एका दुपारी ते कोणाला न सांगता घाटावर उतरले आणि एका नावेत जाऊन बसले. नाववाला भला माणूस. त्यानं हाताला धरून घरी आणलं. "माताजी, बाबूजी कह रहे थे, ड्यूटी पर जाना है," तो म्हणाला.

शरदिनीबाईंनी दाराला बाहेरून कडी घालून पाहिली. ढुंढिराजांनी आतून दार बडवलं, तेही असं की समोरच्या खिडक्या उघडल्या. लोकांना काय सांगायचं? बाईंनी हसून वेळ मारून नेली आणि कडी काढली. हे दुखणं गल्लीला कळू नये, एवढाच त्यांचा हट्ट होता. ज्या माणसाला सगळी गल्ली 'लाइनबाबू' म्हणून हात जोडायची, त्याला आता लोक वेडा म्हणतील, हे त्यांना नको होतं.

सुट्टीवर आलेल्या विश्वेशनं यावर उपाय आणला. एक लहानसा कॅमेरा, टीव्हीसारखा एक काळा-पांढरा पडदा, आणि वायरीचं भेंडोळं. घर अरुंद आणि तीन मजली. दार खाली गल्लीत, स्वयंपाकघर सगळ्यात वर. दुकानांत असले कॅमेरे असतात हे बाईंनी ऐकलं होतं, पण घरात कोणी लावलेला त्यांनी पाहिला नव्हता. विश्वेशनं कॅमेरा दारावर बसवला, वायर बाहेरच्या भिंतीवरून मधल्या मजल्याच्या खिडकीजवळून वर नेली, आणि पडदा स्वयंपाकघरात डब्यांच्या फळीवर ठेवला.

"आई, आता तू निवांत पोळ्या कर. बाबा दारात आले की दिसतील," तो म्हणाला आणि परत गेला.

निवांतपणा कसला? आधी बाईंना काळजी वाटायची ती मधूनमधून. आता पडदा होता, म्हणून ती अखंड वाटू लागली. कणीक मळताना नजर पडद्यावर, फोडणी जळली तरी नजर पडद्यावर. गाय आली, पोस्टमन आला, कोणाची सावली हलली, की त्या हातातलं टाकून उठायच्या. रात्री डोळे मिटले तरी दारच दिसायचं.

आणि एके दिवशी दारही दिसेना. पडद्यावरचं चित्र आधी धावायला लागलं, मग त्यावर आडवे पट्टे आले, मग सगळं राखेसारखं करडं झालं. शरदिनीबाई दिवसभर जिन्यावरून वर-खाली करत राहिल्या. "दिसत नाही हो, काही दिसत नाही," हेच त्यांच्या तोंडी. मधल्या मजल्यावर पलंगावर बसलेले ढुंढिराज त्यांना येता-जाता बघत होते.

चौकात टीव्ही दुरुस्तीचं दुकान असलेला नीलकंठ आला. हाही रामघाटावरचाच, बाईंच्या माहेरच्या शेजारातला. लहानपणापासून गल्लीत वाढलेला, त्यामुळे मराठी बोलता बोलता त्याची गाडी हिंदीत घुसायची.

"काकू, घाबरू नका. आधी बघू, बिघाड आहे कुठे ते." त्यानं पडदाच उचलला, खाली दाराशी नेला आणि हातभर वायरीनं थेट कॅमेऱ्याला जोडला. चित्र लख्ख आलं. "बघा. कॅमेरा एकदम ठीक, पडदा ठीक, बिजली पण ठीक. म्हणजे गडबड बीचमें, वायरीत."

गडबड मधल्या खिडकीशी सापडली. वायर दातांनी चावून तोडलेली होती. "बंदर," नीलकंठ म्हणाला. काशीत तारेवर माकडांनी झोके घेणं काही नवं नव्हतं. त्यानं तुटलेली टोकं जोडली, वर काळी टेप गुंडाळली, चहा घेतला आणि गेला.

दोन-चार दिवस बरे गेले. मग पुन्हा करडा पडदा. नीलकंठनं येऊन जोड नवा केला. आठवड्यानं पुन्हा तेच. यावेळी त्याला विजेचा संशय आला, म्हणून त्यानं स्टॅबिलायझर बसवला. पुन्हा तेच. आता शरदिनीबाई जरासं चित्र थरथरलं तरी "गेलं, गेलं, दिसत नाही" म्हणून जिना उतरायच्या. त्यांची झोप उडाली, जेवणावरची वासना उडाली. दुबईहून विश्वेशचा फोन आला की त्या म्हणायच्या, "चालतो कॅमेरा. छान चालतो."

भाद्रपदातल्या एका दुपारी नीलकंठ आणि त्या, दोघं वर स्वयंपाकघरात पडद्यामागची पिन हलवून बघत होते. पिन हलवली की चित्राची एक झुळूक यायची आणि जायची. दोघांची डोकी पडद्यात. अशाच एका झुळुकीत बाईंना दिसलं की दार उघडं आहे.

त्या धावल्या. मधल्या मजल्यावर पलंग रिकामा होता, आणि ढुंढिराजांच्या वहाणा जिन्याखाली तशाच होत्या. म्हणजे माणूस अनवाणी गेला होता.

गंगा चढलेली होती, खालच्या पायऱ्या पाण्यात होत्या. नीलकंठ वरच्या गल्लीनं गेला आणि बाई घाटाकडे. दुर्गाघाट झाला, पंचगंगा झाला. पाण्यामुळे घाटाघाटांमधली वाट बंद, म्हणून प्रत्येक वेळी वर गल्लीत चढायचं आणि पुन्हा खाली उतरायचं. कोणाला विचारावं? काय विचारायचं? माझा नवरा पाहिलात का? शेवटी पंचगंगेच्या वरच्या पानवाल्यासमोर त्या थांबल्या, आणि इतके दिवस दडवलेलं एका दमात बोलून गेल्या. "भैया, इनको कुछ याद नहीं रहता. घर भूल जाते हैं. आपने देखा क्या?"

पानवाला दुकान तसंच सोडून उठला. त्यानं पुढच्या फुलवाल्याला हाक मारली, त्यानं पलीकडच्या दूधवाल्याला. बाई रामघाटापर्यंत पोचण्याआधीच निरोप उलटा आला. लाइनबाबू पुढे भोसले घाटाच्या वर, दगडी वाड्याच्या भिंतीला टेकून बसले होते. पाय चिखलानं भरलेले. बाईंना बघून ते म्हणाले, "उशीर झाला का?"

"नाही," बाई म्हणाल्या. परतताना गल्लीतल्या कोणी काही विचारलं नाही. पानवाल्यानं फक्त एवढंच सांगितलं, "माताजी, पहले बता देतीं."

दुसऱ्या दिवशी नीलकंठनं लोखंडी पाइप आणला आणि खालपासून वरपर्यंत सगळी वायर त्यात घातली. मधल्या खिडकीशी जोड होता, तिथे पत्र्याची लहान डबी बसवली, झाकणाला स्क्रू मारले. "अब बंदर का बाप भी आला तरी काही करू शकणार नाही," तो म्हणाला.

पाच दिवसांनी पडदा करडा झाला.

नीलकंठ आला. त्यानं डबी उघडली आणि बराच वेळ आत पाहिलं. मग बाईंना खिडकीशी बोलावलं.

"काकू, हे बंदराचं काम नाही. बंदर तोडतो, सोलत नाही. हे बघा."

वायरीचं वरचं साल नीट सुरीनं सोललेलं होतं. आतली तांब्याची तार दुसऱ्या तारेशी सारख्या वेढ्यांनी पिळलेली. त्यावर वर्तमानपत्राच्या कागदाची बारीक पट्टी घट्ट गुंडाळलेली आणि वरून दोऱ्याची गाठ. आतल्या तारेभोवती जी जाळी असते, ती मात्र कापून टाकलेली. "ही जाळी गेली की चित्र गेलं," नीलकंठ म्हणाला. "बाकी जोड असा आहे की मला जमणार नाही. माझ्या आधीच्या जोडांची पण जाळी अशीच गेलेली असायची, कागद पावसात गळून जात असेल. मला वाटलं, बंदरच ओढतात."

शरदिनीबाईंनी तो जोड बोटांत धरला. कागदाच्या पट्ट्यांचे असे जोड त्यांनी ड्यूटी सुटल्यावर ढुंढिराजांच्या केबलच्या खड्ड्यांशी उभं राहून शेकड्यांनी पाहिले होते. त्यांनी मागे वळून पलंगाकडे पाहिलं. ढुंढिराज उशीला टेकून दोघांकडे बघत होते.

"अहो, हे तुम्ही केलंत?" बाईंनी विचारलं.

"लाइन खराब होती," ते म्हणाले. "तक्रार होती ना."

"कोणाची तक्रार?"

"तक्रारीच्या टेबलावरच्या बाईंची. सारख्या सांगतात, दिसत नाही, दिसत नाही." मग जरा अपराधी सुरात, "मी लगेच करतो. पण बिघाड पुन्हा होतोय. केबल जुनी असेल."

नीलकंठनं मान फिरवली आणि उगीच पेचकस पुसत राहिला. शरदिनीबाई पलंगाच्या कडेवर बसल्या. इतके महिने त्या या माणसावर पहारा ठेवत होत्या, आणि तो आपल्या परीनं त्यांची तक्रार दूर करत होता. त्यांना रडू आलं नाही. राग आला, आणि तो कोणावर ते कळेना. पडद्यावर, विश्वेशवर, स्वतःच्या सतत चालणाऱ्या तोंडावर.

"जोड चांगला झालाय," त्या शेवटी म्हणाल्या. "फोन लागला. तक्रार बंद करते मी."

ढुंढिराजांनी मान हलवली आणि ते आडवे झाले. थोड्या वेळात त्यांना झोपही लागली.

"काकू, मी वायर घराच्या आतून नेतो," जिन्यात नीलकंठ हळू आवाजात म्हणाला. "काकांचा हात पोचणारच नाही."

"ने. पण मला आधी एक सांग. तुझ्याकडे टेलिफोनची जुनी केबल मिळेल? टाकाऊ चालेल."

ती मिळाली. जाड केबलचा, आत रंगीत तारा असलेला तुकडा. सकाळची पूजा झाली की ढुंढिराज तो मांडीवर घेऊन बसू लागले. काही दिवस हात सुरेख चालायचे, काही दिवस ते तारांकडे नुसते बघत राहायचे. मग पुन्हा उठून दाराकडे जायचे, कारण ड्यूटी तर बाहेर असते.

तेव्हा बाई पडद्यासमोरून उठल्या. त्यांनी वहाणा घातल्या, यजमानांना घालायला लावल्या आणि स्वतःच दार उघडलं. "चला, जाऊन बघू या लाइन."

तेव्हापासून रोज दुपार कलली की दोघं निघत. कुठे जायचं ते ढुंढिराज ठरवत, म्हणजे कोणीच ठरवत नसे. कधी ते ब्रह्मा घाटाच्या पायऱ्यांवरच बसून राहायचे, कधी एकाएकी अशा बोळात वळायचे की जन्म काशीत गेलेल्या बाईंनाही तो ठाऊक नसे. बाई सदैव चार पावलं मागे, एका हातात पाण्याची बाटली, दुसऱ्यानं पदर सावरत, आता हा माणूस कुठे वळेल या धास्तीत. धास्ती काही गेली नव्हती. पण पानवाला नमस्कार करी, फुलवाला वाट सांगे, आणि पुढच्या वळणावर कोणीतरी लक्ष ठेवून आहे एवढं त्यांना माहीत असे. विश्वेशला त्यांनी फोनवर सगळं खरं सांगून टाकलं.

कार्तिकातल्या एका संध्याकाळी गायघाटाकडे जाताना ढुंढिराज टेलिफोनच्या एका जुन्या लोखंडी खांबापाशी थांबले. त्यांनी खांबाला कान लावला आणि डोळे मिटले. बाई जवळ गेल्या.

"काय ऐकताय?"

"बोलतायत."

बाईंनीही कान लावला. लोखंड गार होतं, आणि आत कुठेतरी बारीक गुणगुण होती. वाऱ्याची असेल, विजेची असेल. "काय बोलतायत?" त्यांनी विचारलं.

ढुंढिराजांनी डोळे उघडले. "दुसऱ्यांचं आहे," ते म्हणाले. "आपण ऐकू नये."

बाई हसल्या आणि खांबाला टेकून क्षणभर उभ्या राहिल्या. तेवढ्यात ढुंढिराज पुढे निघालेही होते, आणि समोर बोळाला दोन फाटे फुटत होते. बाईंनी पदर खोचला आणि झपझप त्यांच्या मागे गेल्या.