आधी देऊळ, मग बाजार

रविवारी सकाळी साडेसातला आमच्या अंधेरीच्या कॉलनीत पाण्याच्या टाकीखाली मी गळ्यात शिट्टी, खांद्याला शबनम आणि हातात मिटलेली छत्री घेऊन उभा असायचो. पाऊस असो नसो, छत्री हवीच. दगडाकडे नुसतं बोट दाखवलं तर माणूस बघत नाही, छत्री रोखली की बघतो, हा माझा त्या काळातला एकमेव स्वतंत्र शोध. सोमवार ते शनिवार मी साकीनाक्याच्या एका गाळ्यात स्टोअरकीपर होतो. नट, बोल्ट, वॉशर. कोणी किती नेले, सही कर, पुढचा. गाळ्यात मला सगळे 'ए स्टोअर' अशी हाक मारत. रविवारी मात्र कॉलनीतल्या बायका 'गाईडभाऊ' म्हणायच्या. त्या एका हाकेपायी मी काय करून बसलो ते आता पन्नाशी उलटल्यावर सांगतो आहे. तेव्हाच सांगायला हवं होतं. तेवढी छाती नव्हती.

ऐंशीच्या दशकातली सुरुवातीची वर्षं ती. सहलींची कल्पना माझी म्हणून मी मिरवायचो, पण तीही माझी नव्हती. आमच्या गाळ्यात लेथवर एक मित्र होता. त्याचे आईवडील विदर्भातून मुंबईत आलेले, बौद्ध. आम्ही कोकणातले, माझे वडील गिरणीतून निवृत्त झालेले. आम्ही दोघं रोज एका बाकावर जेवायचो. माझ्या डब्यातली सुकट तो संपवायचा आणि त्याच्या डब्यातल्या ठेच्याने माझे डोळे गळायचे. एका शनिवारी अर्ध्या दिवसाची सुटी होती. 'चल, तुला एक दाखवतो,' म्हणाला आणि मला चालत कोंडिविट्याच्या लेण्यांवर घेऊन गेला, ज्यांना सगळे महाकालीची लेणी म्हणतात. मी जन्मापासून तिथून वीस मिनिटांवर राहत होतो आणि ती प्रेमी जोडप्यांसाठी केलेली सोय आहे अशी माझी समजूत होती.

त्याने मला पाण्याची टाकी दाखवली, दगडात कोरलेले झोपायचे कट्टे दाखवले. मग एका लेण्यात आत नेलं. आत गोल खोली, तिच्या भिंतीला दगडाचीच जाळी, आणि मधोमध अंधारात एक मोठा घुमटासारखा दगड. तो म्हणाला, हा स्तूप. पावसाळ्यात भिक्खू इथे राहायचे, याच्याभोवती प्रदक्षिणा घालायचे. हे त्याने छत्री न रोखता सांगितलं, अगदी हळू, आणि माझ्या अंगावर काटा आला. मी म्हटलं, इथे लोकांना आणायला पाहिजे यार. तो खूश झाला. म्हणाला, "आण ना. लोकांना कळू दे."

मी आणले. पण नुसत्या दगडांसाठी कोण येतंय, म्हणून पुढे वेसाव्याचा मासळीबाजार जोडला. कॉलनीच्या फळ्यावर खडूने लिहिलं: 'प्राचीन मंदिरांचे अवशेष व स्थानिक बाजार, एकदिवसीय मार्गदर्शित सहल'. 'लेणी' लिहिलं तर शाळेची सहल वाटेल अशी भीती वाटली, म्हणून 'मंदिरं' लिहिलं. सगळा घोळ त्या खडूतून सुरू झाला.

पहिल्या सहलीत मी आधी बाजार ठेवला. पहाटे बोटी लागतात, मासळी ताजी मिळते, असा माझा अभ्यास. चौदा बायका पिशव्या भरभरून पापलेट, मांदेली, कोलंबी घेऊन बसमध्ये चढल्या आणि लेण्यांपर्यंत पोचेस्तोवर पिशव्यांतून पाणी गळायला लागलं. कंडक्टरने आम्हाला दोन स्टॉप आधीच उतरवलं. लेण्यात शिरताना एक काकू म्हणाल्या, मासळी घेऊन देवापुढे कसं जायचं? त्यामुळे सात बायका बाहेर पिशव्या राखत बसल्या, सात आत आल्या, मग अदलाबदल. मी तेच भाषण दोनदा दिलं. दुसऱ्या खेपेला तर मांजरंही ऐकायला होती. तेव्हापासून नियम झाला: आधी देऊळ, मग बाजार.

पहिल्या सहलीत मी खरं तेच सांगितलं होतं. स्तूप. बायकांनी हार आणले होते, फळ्यावर मंदिर लिहिलं होतं ना. सेक्रेटरींच्या पत्नी, ज्यांच्या शब्दावर कॉलनीतल्या बायका यायच्या-जायच्या, त्यांनी हातातल्या हाराकडे बघितलं, दगडाकडे बघितलं आणि विचारलं, "मग हा घालायचा कुठे?" पुढच्या रविवारी फळ्याखाली चारच नावं पडली.

मग मी सुधारणा केली. दुसऱ्या सहलीत म्हटलं, काही लोक याला पिंडी मानतात. हे लोक कोण, ते कोणी विचारलं नाही. तिसऱ्या खेपेला 'काही'चे 'पुष्कळ' झाले. चौथ्या खेपेला मी छत्री रोखून म्हणालो, ही महाकाय पिंडी. चेहरे उजळले, हार पडले, एक नारळही फुटला, आणि परतीच्या बसमध्ये मला खिडकीची जागा मिळाली. भिंतीवर झिजलेली बुद्धाची मूर्ती होती तिला मी 'तपश्चर्येला बसलेले ऋषी' करून टाकलं. बाहेर सरकारी फलक होता. त्यावर नुकसान केल्यास दंड एवढंच होतं, दगडाबद्दल अक्षर नव्हतं. तरी मी सगळ्यांना फलकाकडे पाठ करून उभं करायचो. असा माझा विद्याव्यासंग.

मित्राला यातलं काही माहीत नव्हतं. त्याला रविवारी ओव्हरटाइम असायचा. जेवताना तो विचारायचा, किती आले होते, काय काय विचारतात. मी सांगायचो, वीस आले होते, खूप रस घेतात. खोटं नव्हतं ते. म्हणून जास्त वाईट.

मग एका गुरुवारी जेवता जेवता तो म्हणाला की या रविवारी ओव्हरटाइम नाही, आईला घेऊन येतो. ती वैशाखी पौर्णिमेला तिथे जायची, आता गुडघ्यांमुळे एकटीला चढवत नाही. "मी तिला सांगितलंय, तू किती छान माहिती देतोस," तो म्हणाला.

ठेच्याचा घास माझ्या घशात अडकला. त्याला वाटलं तिखट लागलं, त्याने पाणी दिलं.

तीन दिवस मी डावपेच रचले. ताप आल्याचं सांगावं. सहल रद्द करावी. त्या दिवशी खरं सांगावं, पण मग सेक्रेटरीणबाई विचारणार, गेल्या वेळी पिंडी होती ना? शेवटी ठरवलं की मित्राला आणि त्याच्या आईला आधी एकटंच आत पाठवायचं, त्यांचं झालं की बायकांना न्यायचं. दोन गिऱ्हाइकांना एकच माल दोन नावांनी विकायचा. स्टोअरकीपरचंच डोकं.

रविवारी मावशी, म्हणजे मित्राची आई, पांढरी साडी नेसून आल्या, हातात मेणबत्त्यांची पुडी. मी त्यांना वाकून नमस्कार केला, जरा जास्तच वाकून. लेण्यांवर पोचल्यावर मी मायलेकांना पुढे पाठवलं आणि बायकांना टाकीपाशी थांबवून दगडात पाणी कसं साठवायचे ते सांगायला लागलो. एवढं सविस्तर मी ते आयुष्यात कधी सांगितलं नव्हतं. पण पाण्याच्या टाकीवर माणूस किती बोलणार? त्यातून आमच्या कॉलनीतल्या बायका, ज्यांचं अर्धं आयुष्य पाण्याच्या वेळा सांभाळण्यात गेलेलं. "टाक्या बघायला घरी आहेत की भाऊ," असं म्हणत सेक्रेटरीणबाई हार घेऊन निघाल्या आणि त्यांच्यामागे सगळी रांग.

मी धावत आत पोचलो तेव्हा मावशी स्तूपासमोर खाली बसल्या होत्या. दोन मेणबत्त्या लावल्या होत्या, हात जोडलेले, ओठ हलत होते. मित्र मागे भिंतीला टेकून उभा होता. सेक्रेटरीणबाई तशा वाईट नव्हत्या. त्या गोड आवाजात म्हणाल्या, "आजी, जरा सरकून घ्या हं. पिंडीला हार घालायचाय."

मावशींचे ओठ थांबले. त्यांनी आधी बाईंकडे बघितलं, मग हाराकडे.

"पिंडी कोन म्हनलं, बाई?"

"आमचे गाईडभाऊ सांगतात ना. दर वेळी सांगतात."

आता सगळ्या माझ्याकडे बघत होत्या. मावशी पण. त्यांच्या नजरेत राग नव्हता, त्यांना खरंच वाटलं असावं की बाईंचा काहीतरी गैरसमज झालाय आणि हा शिकलेला पोरगा तो आता दूर करेल. त्या म्हणाल्या, "मंग सांग रं बाबा, हे काय हाय ते."

मित्राकडे मी बघितलं नाही. तो बघतोय हे मला पाठीला कळत होतं.

एक शब्द हवा होता. अडीच अक्षरांचा. मी मनगटावरच्या घड्याळाकडे पाहिलं, शिट्टी तोंडात घातली आणि वाजवली. त्या गोल खोलीत ती इतक्या जोरात घुमली की एका बाईंनी कान झाकले. मी म्हणालो, "चला चला, उशीर झाला, बाजारात काही उरायचं नाही."

आणि सगळ्या निघाल्या. पण सेक्रेटरीणबाईंनी जाता जाता हार घातलाच, मावशींच्या डोक्यावरून, जरा वाकून.

मला वाटलं होतं मायलेकं तिथूनच घरी जातील. पण मावशी म्हणाल्या, आलोय तर बाजार बघू. बसमध्ये मित्र पुढे बसला, मी मागे उभा. वेसाव्याला खाडीच्या वाऱ्यात बांबूंवर बोंबील वाळत होते आणि मावशी जवळ्याच्या ढिगापुढे बसून कोळणीशी घासाघीस करत होत्या. जवळा हातात घेऊन तो नीट वाळलाय की नाही हे त्या ज्या पद्धतीने बघत होत्या, त्यावरून पाच-सहा बायका त्यांच्याभोवती गोळा झाल्या. सेक्रेटरीणबाई म्हणाल्या, आजी, माझ्यासाठी पण तुम्हीच निवडा. मावशींनी निवडून दिला. दोघी हसत होत्या. लेण्यात काही घडलं हे त्या बायकांच्या गावीही नव्हतं. ते घडलं आम्हा तिघांपुरतंच.

सोमवारी मित्र बाकावर आला, डबा उघडला. मी वाट बघत होतो की शिवी देईल. मग मीच सुरू केलं, अरे त्या बायका असं, फळ्यावर मी तसं लिहिलं होतं, त्यांच्या भावना. तो जेवत राहिला. शेवटी म्हणाला, "तुला माहीत नसतं ना, तर मी रागावलोही नसतो."

एवढंच. डब्याची अदलाबदल पुढेही चालू राहिली, पण लेण्यांचं नाव त्याने पुन्हा काढलं नाही.

मी मात्र प्रायश्चित्त घेतल्याच्या थाटात सहलीतून कोंडिविटे काढून टाकलं. तिथे जोगेश्वरीची लेणी घातली. तिथे देवीच आहे, कुणाला काही विचारायची गरज नाही. हे मोठ्या समाधानाने मी मित्राला सांगितलं. तो म्हणाला, "म्हणजे आता कोणी सांगणारच नाही." आणि लेथ सुरू केली.

दोन-तीन महिन्यांनी, तो कामावर असताना, मी त्याच्या घरी गेलो. मावशी तांदूळ निवडत होत्या. मी गुडघ्यांबद्दल विचारलं, महागाईबद्दल बोललो, चहा प्यालो, दुसराही प्यालो. मग उंबऱ्यापाशी चपला घालता घालता म्हणालो, "मावशी, तो स्तूप आहे. मला माहीत होतं."

त्यांनी सुपावरून नजर वर केली नाही. "मला कशाला सांगतो? मला ठावं हाय. त्या बायांना सांग."

मी हो म्हणालो. त्यानंतर सेक्रेटरीणबाई मला कित्येक वर्षं जिन्यात रोज भेटत होत्या. आम्ही पाण्याच्या वेळेबद्दल बोलायचो, गॅसच्या नंबराबद्दल, त्यांच्या मुलीच्या लग्नाबद्दल. एकदा तर त्यांनीच विचारलं, ती मोठी पिंडी होती तिथे परत कधी नेणार भाऊ? मी म्हणालो, बघू. तोवर मी सहलीच बंद केल्या होत्या, गुडघे दुखतात असं कॉलनीत सांगून. गुडघेही माझे नव्हते, मावशींचे उसने घेतलेले.

त्या बायकांपैकी काहीजणी आता नातवंडांना सांगत असतील, महाकालीला आम्ही केवढी पिंडी बघितली. तुमच्यापैकी कोणी हे वाचत असेल तर ऐका. तो स्तूप आहे. तुम्ही पहिला हार घातलात त्याच्या आधीपासून मला ते माहीत होतं. आणि त्या रविवारी, ज्याने मला ते शिकवलं, तो तुमच्या मागेच भिंतीला टेकून उभा होता.