चार मिनिटांचा काळा पडदा

१९ जानेवारी, रविवार, सकाळी दहा वाजून दहा मिनिटे. माहितीपट सुरू झाला. मी दिव्यांच्या बटणांशी उभा होतो. तो दाखवला जात होता त्या सभागृहाची देखरेख निवृत्तीनंतर माझ्याकडे होती. माहितीपट करणारा पहिल्या रांगेत, खिशातले कॅमेऱ्याच्या भिंगाचे झाकण चाळवीत बसला होता.

समोरच्याने होकार दिल्याशिवाय ते झाकण कॅमेऱ्यावरून निघत नसे. "झाकण लावलंय. आधी निवांत बोला," हे त्याचे ठरलेले वाक्य. पोटासाठी तो लग्नांची चित्रणे करी. तिथेही नवरीला विचारी, "घेऊ ना?" एकीने "नको" म्हटले. याने कॅमेरा पिशवीत ठेवला आणि पंगतीत वरण वाढायला घेतले. अशी माणसे आपणही पाहिली असतील. त्यांच्याबरोबर निभावणे सोपे नसते.

माहितीपट द्राक्षबागांतील मजुरांचा होता. दिंडोरीकडची एक बाई त्यात बोलली होती. नवरा औषध फवारताना कोसळला आणि गेला. मालकाने तिच्याकडून 'दारू पिऊन पडला' असे लिहून घेतले. त्या चार मिनिटांवर सारा माहितीपट उभा होता.

आठवडाभर आधी त्या मालकाचा माणूस आमच्याकडे आला. "बागायतदारांच्या विरोधात काही असेल तर काढा, साहेब."

"एक अक्षर निघणार नाही," हा म्हणाला.

दुसऱ्या दिवशी ती बाई आली. "भाऊ, माझं काढा. मला त्याच बागेत कामाला जायचं हाय."

"काढलं."

मी चिडलो. "त्याला नाही म्हणालास, आणि हिला लगेच हो?"

"बोलणं हिचं आहे, काका. त्याचं नाही." मग त्याने तिला विचारले, "तेवढा वेळ पडदा काळा ठेवू? नाव नाही, आवाज नाही."

"ठेवा. अंधारात मी कुठं दिसते? अन् माझ्यासारख्या लय जणी हायत."

त्या रविवारी पडदा काळा झाला. वर अक्षरे आली : 'इथे एक बाई बोलल्या होत्या. त्यांना उद्या कामावर जायचे आहे.'

मालकाचा माणूस उठला. "ओ काका, लाइट लावा! मशीन बिघडलंय."

"मशीन ठीक आहे. बसा," पहिल्या रांगेतून हा मागे न वळता म्हणाला.

माणूस बटणांकडे आला. मी हललो नाही. चार मिनिटे पूर्ण झाली.

पुढे माहितीपट करणाऱ्याला बागायतदारांकडून लग्नांची बोलावणी येईनाशी झाली. त्याने झाकणाचा नियम बदलला नाही. आता तो नाही. झाकण माझ्या टेबलावर आहे.

त्या रविवारी दुपारी ती बाई आम्हाला बसस्थानकावर भेटली. आम्ही तिच्या घरी जाणे तिला महागात पडले असते. मूळ चित्रणाचे कार्ड त्याने रिकाम्या काडेपेटीत घातले.

"दुसरीकडे कुठंच ठेवलेलं नाही. हे तुमचं."

"अन् मला कधी बोलावंसं वाटलं तर?"

"तेव्हा तुम्हीच दाखवा."

त्याने पेटीला दोरा गुंडाळला, दुसरी गाठ मारली आणि ती तिच्या हातात दिली.