आई येते तो दिवस

बोरीवलीत आईबाबांचं घर असताना मुलुंडला भाड्याने घर कशाला, असं मला सगळ्यांनी विचारलं. ऑफिस ठाण्याला आहे, येण्याजाण्यातच दिवस जातो, असं मी सांगायचे. ते खोटं नव्हतं. पण दोन खोल्यांत आईबाबा, भाऊ-वहिनी, त्यांच्या दोन मुली आणि मी. चौतिशी आली तरी तिथे माझा म्हणून कपाटातला एक खण होता. मला आतून कडी लावता येईल अशी जागा हवी होती. हे बोलले असते तर वहिनीच्या मनाला लागलं असतं, म्हणून ऑफिसचंच कारण पुढे करत राहिले.

घरं बघताना सोसायट्यांमध्ये विचारायचे, "एकट्याच राहणार?" हो म्हटलं की पुढचं बोलणं थंड व्हायचं. शेवटी भेटल्या त्या मालकीणबाई निवृत्त शिक्षिका होत्या. त्यांनी फक्त एवढंच बजावलं, "कुंड्या ठेव, पण पाणी खाली गळू देऊ नकोस. खालच्या बाई भांडायला येतात."

वन रूम किचन, तिसरा मजला, खिडकीबाहेर जांभळाचं झाड. एक भिंत मी स्वतः शेवाळी रंगाने रंगवली. रोलरचे पट्टे अजून दिसतात. जुन्या फर्निचरच्या दुकानातून वेताची आरामखुर्ची आणली, एक गादी टाकली आणि थांबले.

आई पहिल्यांदा आली तेव्हा दारातच उभी राहिली. "हॉल रिकामाच ठेवणारेस? आपला जुना शोकेस पाठवू का?"

"नको गं. मला असाच हवाय."

तिने भिंतीकडे पाहिलं. स्वयंपाकघरात जाऊन सोबत आणलेले पोहे, शेंगदाणे डब्यांत भरायला लागली.

पंधरवड्याने तिचा फोन आला. "गुरुवारी तुझ्याकडे आले तर चालेल?"

"ये ना. मी सुट्टी टाकते."

"सुट्टी नको." ती म्हणाली, "तू नसतानाच येते."

मला ते थोडं खटकलं. आत्ता कुठे घर माझं झालं होतं. तरी चावी शेजारी ठेवून गेले. संध्याकाळी परतताना वाटत होतं, हिने भाजी-पोळी करून ठेवली असेल, कपाटही लावलं असेल.

ओटा कोरडा होता. सिंकमध्ये चहाचा एकच कप. आईने आरामखुर्ची खिडकीशी ओढून घेतली होती आणि केस मोकळे सोडून बसली होती. बोरीवलीच्या घरात तिचा अंबाडा दिवसा सुटलेला मी कधी पाहिला नव्हता.

"जेवलीस का?"

"शेंगदाणे खाल्ले. भूकच लागली नाही."

"मग दिवसभर केलंस काय?"

"काही नाही गं. बसले."

मी तिच्याजवळ जमिनीवर बसले. "घरी काय सांगून आलीस?"

"तुझ्याकडे गॅसवाला येणारे म्हणून," ती म्हणाली, आणि आम्ही दोघीही हसलो.

त्याच आठवड्यात मी तिला चावी करून दिली. आता ती मनात आलं की येते. ऑफिसमधून निघताना मी फोन करते. तिला अजून बसायचं असलं तर म्हणते, "सावकाश ये, घाई नाही."

मग मी स्टेशनजवळ चहा पीत थोडा वेळ काढते.