नासेर टेलरने माईकवरून दिलेली बातमी

रविवार, ४ जुलै १९९९. औंढ्याच्या ईदगाहमागच्या मैदानावर मध्यंतरापर्यंत दोन हजार तीनशे सतरा रुपये जमले होते. कारगिलच्या जवानांसाठी भरवलेल्या फुटबॉल स्पर्धेचा तो अंतिम सामना, औंढा विरुद्ध हट्टा. आकडा माईकवरून सांगताना नासेर टेलरचा ऊर भरून आला होता.

नासेरचा धंदा शिलाईचा. दोन्ही संघांचे सदरे त्यानेच फुकट शिवून दिले होते. पण गाव त्याला ओळखायचं ते आवाजावरून. उरूस असो, लग्न असो, हरवलेलं लेकरू असो की कुणाची मयत, माईक नासेरच्याच हातात. त्याने सांगितलं म्हणजे ते खरं, अशी त्याच्या आवाजाची पत होती.

पहिल्या रांगेत भिकाबाईंना हार घालून बसवलं होतं. जवळच्या बंजारा तांड्यावरच्या या बाईंचा थोरला मुलगा प्रेमदास कारगिलच्या आघाडीवर होता आणि धाकटा नेमसिंग औंढ्याचा गोलकीपर.

"माय, पोरगं आज बॉल अडवंल ना?" नासेरने विचारलं होतं.

"घरी कशाला हात लावत न्हाई. इथं तरी लावू दे," म्हातारी फटकन बोलली, तशी आजूबाजूची माणसं हसली.

खेळ पुन्हा सुरू झाला. नासेरची नजर चेंडूवर होती. एकाएकी मागून कुणीतरी मोठ्याने गळा काढला. वळून पाहतो तर भिकाबाई एका धुळीने भरलेल्या माणसाच्या गळ्यात पडून रडत होत्या. तो माणूसही डोळे पुसत होता. लोक उठून उभे राहिले. "पोरगा गेला की काय?" एकजण म्हणाला. "गेला," दुसरा म्हणाला. ते बोलणं नासेरपर्यंत पोचेस्तोवर लोकांच्या तोंडी तारही येऊन गेली होती.

रडणाऱ्या आईला काय विचारायचं, म्हणून नासेरने काहीच विचारलं नाही. त्याने माईक उचलला.

"खेळ थांबवा. आपला जवान प्रेमदास शहीद झाला आहे."

शिट्टी वाजली. नेमसिंग गोलच्या खांबाला धरून मटकन खाली बसला. लोकांनी पायातल्या चपला काढल्या. कुणीतरी चादर फिरवली, तिच्यात नोटा पडू लागल्या.

आणि भिकाबाईंचं रडणं एकदम बंद झालं.

त्या माईकपाशी आल्या. "नासेर, तार कवा आली? मला काहून सांगितलं न्हाई रे?"

नासेरने माईक खाली केला. "माय, तुमीच तर रडून राहिल्या होत्या."

"आरं, हा देविदास, माझा भाऊ. सात वर्सांनी आदिलाबादहून आला. भाऊ भेटला की आमी गळ्यात पडून रडतो. सुखदुख रडूनच सांगतो. तू काय तांड्यावर नवा हायेस?"

नासेर नवा नव्हता. शिवलेले कपडे पोचवायला तो वर्षानुवर्षं तांड्यावर जात होता. बहीणभावांच्या भेटीचं ते सुरातलं रडणं त्याने दारात उभं राहून ऐकलेलंही होतं. नेमकं आजच ते त्याच्या ध्यानात आलं नाही. त्याने त्यांच्या रडण्याला बातमी मानलं आणि आता त्या त्याच्या बोलण्याला बातमी मानत होत्या. खरी खबर कुणाकडेच नव्हती.

नेमसिंग धावत आला. मातीच्या हातांनी त्याने नासेरची कॉलर धरली. "कुनी सांगितलं तुला? बोल ना!"

"कुणीच न्हाई. चुकी झाली. आफिफाची शपथ." आफिफा म्हणजे त्याची एकुलती एक लेक.

भिकाबाईंना ते पटेना. "तू मयतीचं कदी खोटं सांगितलं न्हाईस. मला धीर द्यायला आता बोल फिरवून राहिलास का?"

नासेरने माईकवरून तीनदा चूक कबूल केली. पण तोवर हट्ट्याचे दोन टेंपो बातमी घेऊन निघून गेले होते.

"ज्या तोंडानं माझं लेकरू मारलंस," भिकाबाई म्हणाल्या, "त्याच तोंडानं जितं कर. जिथवर खबर गेली तिथवर जा."

गावातल्या तातेरावांची जीप भाड्याने घेऊन, तिच्यावर भोंगा बांधून नासेर निघाला. गावोगावी थांबून तो सांगत गेला, "प्रेमदास जिवंत आहे." लोक जीपला गराडा घालायचे. "खबर आली का?" विचारायचे. दर वेळी तो तेच वाक्य पुन्हा म्हणायचा, कारण याचीही खबर आलेली नव्हती. प्रेमदासचं शेवटचं पत्र जूनच्या सुरुवातीचं होतं. हट्ट्याच्या वेशीवर त्याने भोंगा बंद केला.

त्याचं पुढचं पत्र, सामन्यानंतरच्या तारखेचं, जुलैअखेरीस आलं. ते घेऊन भिकाबाई स्वतः दुकानात आल्या. "वाच," म्हणाल्या. नासेरने मोठ्याने वाचलं. त्या स्टुलावर बसून ऐकत होत्या. संपल्यावर म्हणाल्या, "आता पटलं," आणि उठून गेल्या.

नासेरने त्यानंतर माईक धरला नाही. २००६ मध्ये आफिफाच्या लग्नातही पाहुण्यांना जेवायला बसायला दुसऱ्यानेच पुकारलं.

जीपचं भाडं साडेतीनशे ठरलं होतं. नासेरने तीनशे दिले. तातेरावांचे पन्नास रुपये अजून द्यायचे आहेत.