सतापीच्या कुंडीतली पाणीचोरी

सकाळचे साडेसहाही वाजले नव्हते, पण ऊन गॅलरीच्या कठड्यावर कोपरं टेकून बसलं होतं. वाऱ्याचं नाव नाही. चावीमामांनी पुदिन्याला पाणी घातलं, पानओव्याला घातलं, गवती चहाच्या बुडातली वाळकी पाती ओढून काढली आणि मग सतापीच्या कुंडीपुढे उकिडवं बसून मातीत बोट खुपसलं.

बोट ओलं.

"अगं ए, आधी इकडे ये!"

चावीमामा पाणीखात्यातले. चौतीस वर्षं लोखंडी चावी खांद्यावर टाकून ते गल्लोगल्ली फिरले, रस्त्यातली झाकणं उचलून पाणी सोडलं, बंद केलं. म्हणून ते चावीमामा, आणि बायको आपसूक मामी. निवृत्त होऊन दोन वर्षं झाली तरी पहाटे डोळे टक्क उघडे आणि हात काहीतरी फिरवायला शिवशिवत. पहिल्या वर्षी त्यांनी घरातले सगळे नळ बदलले. दुसऱ्या वर्षी बदललेले नळ बदलले. त्या दोन वर्षांबद्दल मामी फारसं बोलत नाहीत.

म्हणून तर त्यांना गच्ची हवी होती. वरच्या मजल्यावर राहणाऱ्या अक्काने, त्यांच्या थोरल्या बहिणीने, गच्चीवर औषधी झाडांच्या बत्तीस कुंड्या लावल्या होत्या. गुडघ्याच्या ऑपरेशननंतर तिला जिने चढणं जमणार नव्हतं. लेकीकडे सहा आठवडे राहायला जाताना तिने बाकी बाग शेजारच्या शिंपीणबाईंवर सोपवली आणि सतापीची कुंडी तेवढी खाली आणून भावापुढे ठेवली.

"ही जगवलीस तर गच्ची तुझी. नाहीतर कायमची शिंपीणबाईंची."

"अक्का, अगं आख्ख्या गावाला पाणी पाजलंय मी."

"तीच तर धास्ती आहे. हिला तहान लागू द्यायची. बोट दोन पेरं आत घालायचं. कोरडं आलं तरच पाणी. ओलं आलं तर तिच्याकडे बघायचंसुद्धा नाही."

मामांनी शब्द पाळला होता. आज आठ दिवस सतापीला थेंब दिला नव्हता. तरी माती चिखल, आणि निळसर हिरवी बारीक पानं खालून पिवळी पडत चाललेली. एरवी नुसता पदर लागला तरी घमघमणारं झाड, मांजर वास घेऊन उलट पावली पळायचं. आता ते मान टाकून उभं होतं. अक्का रविवारी येणार होती. आज गुरुवार.

मामी हात पुसत आल्या.

"पाणी कोण घालतं हिला?"

"मला विचारताय?"

"घरात दोघंच आहोत. मी घालत नाही."

"म्हणजे मी चोर?"

"चोर म्हटलं का मी? मी चौकशी करतोय."

"करा की. माझा जबाब लिहून घ्या, सहीला बोलवा. भाजी करपतेय माझी."

मामांनी हयातीत किती तरी चोरट्या नळजोडण्या पकडल्या होत्या. पुरावा लागतो हे त्यांना ठाऊक होतं. शुक्रवारी पहाटे, नळाला पाणी यायच्या आधी, त्यांनी कणकेच्या डब्यातून वाटीभर पीठ आणलं आणि कुंडीभोवतीच्या फरशीवर, कुंडीच्या काठावरसुद्धा भुरभुरलं. मग आत जाऊन खुर्चीत दबा धरून बसले, आणि बसल्या बसल्या घोरायला लागले.

जाग आली ती मामींच्या आवाजाने. "अहो साहेब! पावलं सापडली."

मामा धडपडत उठले. पिठात पावलं होती खरी. रुंद, बोटं फाकलेली, डाव्या पायाचा अंगठा बाहेर वळलेला.

"ओळख पटते का?" मामी म्हणाल्या. "मी तर म्हणते ताबडतोब अटक करा."

"पीठ टाकताना उमटली असतील..." मामा पुटपुटले.

पण मामींचं लक्ष कुंडीच्या काठाकडे गेलं. त्यांनी तिथलं पीठ चिमटीत धरून चोळलं. "हे बघा. एवढंच भिजलंय. पोळी लाटता येईल असं." तेवढ्यात त्यांच्या मनगटावर टप्पकन थेंब पडला.

दोघांनी वर पाहिलं. कपड्यांची तार कुंडीच्या डोक्यावर मधोमध झोळली होती. तारेचं एक टोक नळाच्या पाइपला बांधलेलं. आणि तो नळ, महिन्यापूर्वीच मामांनी स्वतःच्या हातांनी बसवलेला, सांध्यातून गळत होता. पहाटे पाण्याला जोर असतो. थेंब तारेवरून घरंगळत येत आणि बरोब्बर सतापीच्या बुडात उतरत. ऊन चढलं की तार तापून थेंब वाटेतच सुकत.

मामी हसल्या नाहीत. तेच मामांना जास्त लागलं.

त्यांनी नळ बंद केला, सांधा उघडून पुन्हा घट्ट आवळला, तार सोडून दुसरीकडे बांधली. मग भर उन्हात सताप कुंडीतून उपटली. निम्मी मुळं काळी, बुळबुळीत. ती कापली, फांद्या वीतभर ठेवून छाटल्या, मातीत वाळू आणि विटेचा चुरा मिसळून झाड पुन्हा लावलं. सतापीचा चीक अंगावर घेऊन उन्हात बसू नये, हे अक्काने सांगितलं होतं. पाण्याच्या धास्तीत ते वाहून गेलं. रविवारपर्यंत दोन्ही मनगटांवर टपोरे फोड.

अक्का काठी टेकत आली. झाडाऐवजी चार खुंट पाहिले. मग भावाचे हात पाहिले.

"पाणी किती घातलंस?"

नाही घातलं, असं म्हणणं खोटं नव्हतं. मामींनी नजर छताला लावली होती.

"मी बसवलेला नळ गळत होता," मामा म्हणाले. "आठ दिवस. मला कळलं नाही. हिच्यावर आळ घेतला."

अक्काला वाकता येईना, म्हणून तिने मामांचंच बोट धरून मातीत खुपसलं. बाहेर काढून पाहिलं. कोरडं. एका खुंटावर मोहरीएवढा निळसर कोंब होता. तो तिने चष्मा वर करून बराच वेळ न्याहाळला.

"गच्ची घे," ती म्हणाली. "पण पाणी किती ते मामी ठरवतील. तू वाळू चाळायची, कुंड्या उचलायच्या."

"म्हणजे हाताखाली?"

"चौतीस वर्षं साहेबांच्या हाताखाली होतातच की," मामी म्हणाल्या. "हे साहेब जरा कडक आहेत एवढंच. आणि तिसरी शिट्टी झाली. गॅस बंद करा."

मामा फोड सांभाळत उठले आणि कुकर उतरवायला स्वयंपाकघरात गेले.