दोन खुर्च्यांमधली जागा

आमच्या वाडीतल्या भिकाजीदादांनी एकतीस वर्षं मुंबईच्या मोठ्या कोर्टात चोपदारकी केली. साहेबांच्या पुढे चालायचं, खुर्ची मागे ओढायची, साहेब बसले की ती हळूच पुढे सरकवायची. कायद्याचं एक पुस्तक त्यांनी कधी उघडलं नाही. पण निकाल देणाऱ्यांच्या पाठीशी एवढी वर्षं उभा राहिलेला माणूस आमच्या पंचक्रोशीत दुसरा नाही, हे मी अभिमानाने सांगतो.

निवृत्त होऊन ते गावी आले, आणि चौथ्या वर्षी त्यांच्या भाच्याचं अपील त्याच कोर्टात सुनावणीला लागलं.

भाचा म्हणजे धाकट्या बहिणीचा, मथुरेचा शिवा. हद्दीवरच्या गडग्याच्या, दगडी कुंपणाच्या भांडणात त्याचा चुलतभाऊ डोक्यात पहार बसून मेला. शिवा पहिल्यापासून म्हणत होता, मी त्या दुपारी चिपळूणच्या बाजारात होतो. खालच्या कोर्टाने जन्मठेप दिली. सात वर्षं तो आत होता.

अपील ऐकणाऱ्या दोन न्यायाधीशांची नावं कळली तेव्हा दादांनी चहाचा कप खाली ठेवला. दोघांनाही ते ओळखत होते. थोरले साहेब कडक; पोलिसांचा साक्षीदार खोटं कशाला बोलेल, अशा मताचे. धाकटे अगदी उलटे. जरा शंका आली की सोडा म्हणणारे. पण दोघं दुपारी एकत्र जेवत, आणि धाकटे थोरल्यांचं मन मोडत नसत. एकमत झालं नाही तर प्रकरण तिसऱ्याकडे जातं, ते दोघांनाही आवडत नसे. मग डोकी जवळ येत, कुजबूज होई, आणि निकाल मध्येच कुठेतरी ठरे.

"धाकटे साहेब सोडतील नाय रे, दादा?" मथुरा रोज विचारी.

"एकटे असते तर सोडलं असतं गो."

वकिलांनी फोन केला. निर्दोष सोडा एवढंच मागायचं, की ते जमत नसेल तर खून न धरता शिक्षा कमी करा, असंही म्हणायचं? दादांनी दोन दिवस मागून घेतले. मग म्हणाले, "मागा तसंही. दोघांना मिळून उभं राहायला जागा द्या."

मथुरेला त्यांनी हे सांगितलं नाही.

निकालाच्या दिवशी ती अंगणात काजूची बोंडं आणि बिया वेगळ्या करीत बसली होती. शेजारची दमयंती मदतीला होती. साडेअकराला घरात वकिलांचा फोन आला; तो ऐकून दादा अंगणात आले.

"दोघांचं एकमत झालं," दादा म्हणाले. "खून नाय धरला. रागाच्या भरात मारलं, असं धरलं. दहा वर्षं. सात झाली, तीन उरली."

"पावली गो जाकादेवी!" दमयंतीने हात जोडले. "आता तोंड गोड कर."

मथुरेने हात पुसले नाहीत. "म्हणजे तो तिथे होता?"

"निकालात तसं आहे."

"थोरल्यांचं कळलं. धाकटे काय म्हणाले?"

"तेही तेच."

"मग तो नव्हता, असं कोण म्हणालं?"

दादांनी मान खाली घातली. "मथुरे, कमी शिक्षा मागा, असं मीच वकिलांना सांगितलं. नायतर तो जन्मभर आत राहता."

"आणि नसतं मागितलं, तर धाकटे अडून बसले असते?"

"ते मला आता कधीच कळायचं नाय."

ती पुन्हा बिया वेगळ्या करू लागली. तीन वर्षांनी शिवा घरी येईल. कमी शिक्षा मामानेच मागायला लावली, हे त्याला कोण सांगणार, याचीच आता दादांना धास्ती आहे.